पुश: ढकलायचं, लोटायचं, रेटायचं की सारायचं?

कोल्हापूरच्या राजारामपुरीतल्या कुठल्याही काचेच्या दाराच्या दुकानासमोर थोडा वेळ उभं राहा. दारावर ठळक ‘पुश’ लिहिलेलं असतं, तरी कुणीतरी येऊन ते दार ओढतोच. दोष त्याच्या इंग्रजीचा नसतो, हँडलचा असतो. उभी दांडी दिसली की हात ती मुठीत धरतो आणि ओढतो. ज्या बाजूने ढकलायचं त्या बाजूला दांडीऐवजी सपाट पत्रा लावला तर स्टिकरची गरजच पडत नाही, कारण पत्र्याला धरायला काही नसतं.

स्टिकर मराठीत करायला घेतला की खरी पंचाईत होते. ‘ढकला’ चालतं, पण जरा भांडणाचं वाटतं. ‘लोटा’ लिहावं तर गिऱ्हाईक तांब्या शोधेल. ‘रेटा’ लिहिलं तर दार अडकलंय असा समज होईल. ‘सारा’ लिहिलं तर ते सरकतं दार वाटेल. चारही शब्द ‘पुश’चेच अर्थ आहेत आणि चारही तिथे थोडे थोडे चुकतात.

कारण असं की इंग्रजी ‘पुश’ फक्त दिशा सांगतो. जोर आपल्याकडून पलीकडे लागला, एवढंच. वस्तू हलली का, हात तिच्यावर राहिला की सुटला, समोरून विरोध होता का, यातलं काही तो सांगत नाही. ‘मी पुश केलं, पण हललं नाही’ हे इंग्रजीत अगदी सरळ वाक्य आहे. अधिक सांगायचं असेल तर मागे शेपूट लागतं: पुश ओपन, पुश असाइड, पुश थ्रू. मराठी हे सगळं क्रियापदातच उरकते, म्हणून भाषांतर करणाऱ्याला आधी प्रसंग डोळ्यांसमोर आणावा लागतो.

ढकलण्यात जोर एका झटक्यात लागतो आणि हात सुटतो. पुढचं त्या वस्तूचं नशीब. म्हणून जबाबदारी ढकलतात, परीक्षा पुढे ढकलतात, काठावरच्या पोराला वर ढकलतात आणि नको झालेले दिवसही ढकलतात. सगळीकडे हात झटकून मोकळं होणं आहे. फॉरवर्ड केलेल्या ईमेलला नेटवरच्या मराठी मंडळींनी ‘ढकलपत्र’ म्हटलं, ते म्हणूनच चपखल. आमच्याकडून गेलं, आता तुम्ही बघा.

लोटण्यात वाहतेपण आहे. पाण्याचा लोट, धुराचे लोट. चैत्र यात्रेला जोतिबाच्या डोंगरावर गर्दी लोटते, वर्षं लोटतात. एकदा सुरू झालं की आपलं आपण जातं. ‘दार लोटून घे’ म्हणजे कडी न लावता नुसतं पुढे कर. झाडलोटीतला लोट हाच, केर पुढे पुढे लोटत न्यायचा. कडेलोटातलाही हाच, तिथे पुढचं काम उतार करतो. ‘वर्षं लोटली’ यातलं लोटणं मात्र ‘पुश’ला कधीच जमत नाही. काळ पुश होत नाही, तिथे इंग्रजीला ‘पास’ लागतो.

रेटण्यात समोरून विरोध असतो आणि हात सुटत नाही. उसाने भरलेली गाडी पावसाळी रस्त्यात रुतली की ती रेटावी लागते. जोर क्षणभर सोडला तर चाक परत खड्ड्यात बसतं, म्हणून मागे दगड लावत लावत रेटायचं. देवळाच्या रांगेत रेटारेटी होते, कारण पुढचा जागचा हलत नसतो. आणि ‘रेटून बोलणं’ हा तर मराठीचा खास दागिना. समोर पुरावा मांडलेला असताना तेच तेच ठासून सांगायचं. इंग्रजीत एखादा ठराव ‘पुश थ्रू’ करतात, तो आपल्याकडे रेटून मंजूर होतो.

सारण्यात विरोध जवळजवळ नसतो. ताट पुढे सार, खुर्ची मागे सार, अस्तन्या वर सार. इंग्रजीत या तिन्ही ठिकाणी निमूटपणे ‘पुश’. सारणं आणि कोंबणं यांतला फरक बघायचा तर गुऱ्हाळावर जावं. काहिलीखालच्या चुलवाणात वाळलेली चिपाडं थोडी थोडी, सतत आत सारत राहावी लागतात. मोठा भारा एकदम कोंबला तर हवेची वाट बुजते, जाळ दबतो, धूर उलटा तोंडावर येतो आणि वरचा रस उकळायचा मंदावतो. चिपाड तेच, चूल तीच, हातही तोच. क्रियापद बदललं की काम बिघडलं. इंग्रजीत सारणं म्हणजे ‘पुश इन’ आणि कोंबणंही फार तर ‘पुश इन’ किंवा ‘स्टफ’.

आलं कुठून

शब्द मूळचा इंग्रजी नाही. १०६६ साली इंग्लंड जिंकणाऱ्या नॉर्मन लोकांच्या फ्रेंचमधून जे हजारो शब्द इंग्रजीत शिरले, त्यांतला हा एक. इंग्रजी लिखाणात तो १४व्या शतकापासून दिसतो. जुन्या फ्रेंचमध्ये ‘पोल्सेर’, आजच्या फ्रेंचमध्ये ‘पूसे’. त्यामागे लॅटिन ‘पुल्सारे’ म्हणजे मारणे, ठोकणे, धडका देणे. आणि पुल्सारे हे ‘पेल्लेरे’ या क्रियापदाचं पुन्हा पुन्हा करण्याचं रूप. पेल्लेरे म्हणजे ढकलणे, हाकणे. ढकलणे आणि ढकलाढकली यांत जो फरक, साधारण तोच.

यातली मजा दाराशी येऊन पोचते. रोमन माणूस दाराला ‘पुल्सारे’ करायचा म्हणजे दार ठोठावायचा. ‘ठोठावा म्हणजे उघडले जाईल’ या बायबलमधल्या वचनाच्या लॅटिन पाठात ठोठावण्याला हेच क्रियापद आहे. तेच आता नाव आणि रूप बदलून काचेच्या दारावर चिकटलंय, फक्त आता ठोठावायचं नाही, सरळ आत शिरायचं.

मधला ‘ल’ फ्रेंचमध्येच विरघळला. ‘स’चा ‘श’ इंग्रजीत झाला. फ्रेंच ‘स’ इंग्रजीत ‘श’ होण्याची खोड जुनी आहे: फिनिश, पनिश, कुशन. स्वराची गोष्ट मात्र थांबून बघण्यासारखी आहे. रश, ब्रश, क्रश म्हणतो, मग पुशला पश का म्हणत नाही? १७व्या शतकात दक्षिण इंग्लंडच्या बोलीत ऱ्हस्व ‘उ’ सुटून आपल्या ‘अ’च्या जवळचा स्वर आला. ‘कुट’चं कट झालं, ‘रुश’चं रश झालं. पण आधी प, ब, फ असा ओठांचा वर्ण असेल तर ओठ गोलच राहण्याकडे कल होता, म्हणून पुश, पुल, पुट, बुश, बुल, फुल हे जुन्या उच्चारात अडकून राहिले. नियम पक्का नाही. पनिशमध्ये ‘प’ असूनही स्वर बदलला आणि पुशच्या सख्ख्या भावाचा, पल्सचाही बदलला. उत्तर इंग्लंडमध्ये हा बदल पोचलाच नाही, तिथे आजही कट हा ‘कुट’सारखा ऐकू येतो. शाळेत पोरांना ‘यू’चे दोन उच्चार पाठ करायला लावतात, त्याऐवजी प-ब-फची ही यादी एकदा फळ्यावर लिहिली तर अर्धं काम होईल.

पल्स म्हणजे नाडी, ठोके. इम्पल्स, प्रोपेलर, एक्स्पेल, रिपेल, कम्पेल, कम्पल्सरी हे सगळं पेल्लेरेचं गोत. एक्स्पेल म्हणजे बाहेर हाकलणे, रिपेल म्हणजे परतवून लावणे, कम्पेल म्हणजे सगळीकडून हाकत एका ठिकाणी आणणे, म्हणजेच भाग पाडणे. गुरं हाकणाऱ्याला ही तिन्ही क्रियापदं एका दुपारीत समजतील. डाळी-कडधान्यांना म्हणतात ते ‘पल्सेस’ मात्र या घरातले नाहीत. ते लॅटिन ‘पुल्स’ म्हणजे घट्ट खिरीसारख्या पदार्थाच्या नावावरून आले. आडनाव एक, भावकी वेगळी.

आणि पल्सर. १९६७ साली अवकाशातून ठरावीक अंतराने ठोक्यांसारखे येणारे रेडिओ संकेत सापडले आणि त्या ताऱ्यांना ‘ठोके देणारा तारा’ या अर्थाने पल्सर नाव पडलं. रंकाळ्यावर फिरणाऱ्या मोटरसायकलवरही तोच शब्द. बॅटरी उतरलेल्या पल्सरला धक्का मारणं हे व्युत्पत्तीच्या दृष्टीने पुश पुश करण्यासारखं आहे.

फ्रेंच ‘पूसे’ने आणखी एक वळण घेतलं. तिथे रोपं ‘पूसे’ करतात, म्हणजे उगवतात, वाढतात. आपल्याकडे पीक जोर धरतं, ते त्याच्याजवळचं. स्पॅनिशमध्ये ‘पुल्सार’ म्हणजे बटण दाबणं, कारण दाबणं हा शेवटी एक छोटा ठोकाच. आपण त्याला दाबणं म्हणतो, आणि कोल्हापुरात त्या बटणाला अजून खटका म्हणणारे आहेत.

सुरुवातीच्या इंग्रजीत ‘पुश’चा एक अर्थ जनावराने शिंग मारणे, ढुशी देणे असाही होता. १६११ च्या इंग्रजी बायबलमध्ये बैल ‘शिंगाने पुश करणारा’ असेल आणि मालकाला ते आधीपासून माहीत असेल तर काय करायचं, याचा कायदा आहे. आजचा वाचक ते वाचून गोंधळतो. बैल ढकलेल कशाला? आपल्याकडे त्याला एकच शब्द आहे, मारका बैल. जुना ‘पुश’ लॅटिनच्या मारण्या-ठोकण्याच्या किती जवळ होता, हे त्या एका ओळीत दिसतं.

‘पुश’ येण्याआधी इंग्रज काय करत होते? ‘शव्ह’ करत होते. हे खास जर्मन घराण्यातलं क्रियापद, जर्मनमधल्या ‘शीबन’चं नातलग. शव्हल म्हणजे फावडं हा शब्दही त्याच मुळाचा, ढकलत ढकलत माल भरायचं हत्यार. परका पुश आला, सभ्य कामं त्याने घेतली आणि घरच्या शव्हकडे रागाने ढकलणं, धसमुसळेपणा एवढंच उरलं. ‘पुश कम्स टू शव्ह’ या वाक्प्रचारात ही उतरंड स्पष्ट दिसते: आधी साधं ढकलणं, मग धक्काबुक्की. मराठीत त्याला ‘गळ्याशी आलं की’ म्हणायचं, शब्दशः धक्के मोजत बसायचं नाही. पुशच्याच परिसरातला ‘नज’ म्हणजे कोपरखळी. ‘जॉसल’ म्हणजे गर्दीतली धक्काबुक्की, आणि हा शब्द घोड्यावर बसून भाल्यांनी भिडण्याच्या ‘जाउस्ट’वरून आला.

उद्यमनगरातला पुश

शिवाजी उद्यमनगरातल्या मिस्त्रीला पुश म्हणजे काय विचारलं तर तो पुशरॉड हातात देईल. ऑईल इंजिनात खाली कॅमशाफ्ट म्हणजे उंचवटे असलेला फिरता दांडा, वर हेडमध्ये व्हॉल्व्ह म्हणजे हवा आत घेणाऱ्या आणि धूर बाहेर सोडणाऱ्या झडपा. कॅमचा उंचवटा टॅपेटला उचलतो, टॅपेट पुशरॉडला, पुशरॉड रॉकरचं एक टोक वर करतो आणि रॉकरचं दुसरं टोक व्हॉल्व्ह खाली दाबून उघडतं. नाव अगदी प्रामाणिक आहे. हा रॉड फक्त ढकलू शकतो, ओढू शकत नाही. त्याची दोन्ही टोकं नुसती टेकलेली असतात, कुठेही जखडलेली नसतात. व्हॉल्व्ह बंद करण्याचं काम स्प्रिंगचं.

नुसतं टेकलेलं आहे म्हणूनच रॉकर आणि व्हॉल्व्हमधला गॅप सांभाळावा लागतो. इंजिन तापलं की धातू वाढतो. गॅप ठेवलाच नाही तर तापल्यावर व्हॉल्व्ह सीटवर पूर्ण बसत नाही, कॉम्प्रेशन गळतं, इंजिन उचलत नाही आणि एक्झॉस्ट व्हॉल्व्हची कड जळते. गॅप जास्त झाला तर टकटक वाजतं आणि व्हॉल्व्ह पुरेसा उघडत नाही. लहान डिझेल इंजिनांत हा गॅप मिलिमीटरच्या काही दशांशांएवढा असतो. नेमका आकडा त्या मॉडेलच्या पुस्तकातलाच घ्यायचा, आणि तो थंड इंजिनाचा आहे की गरम, तेही बघायचं. पिस्टन कॉम्प्रेशन स्ट्रोकच्या शेवटी सगळ्यात वर आणायचा, म्हणजे दोन्ही व्हॉल्व्ह बंद असतात. लॉकनट सैल करून रॉकर आणि व्हॉल्व्हच्या दांडीमध्ये फीलर गेज (ठरलेल्या जाडीची पातळ पट्टी) घालायचा, स्क्रू फिरवून गेज किंचित अडखळत सरकेल इतपत आणायचा, नट कसायचा. मग गेज पुन्हा घालून बघायचा. हे शेवटचं पाऊल बरेच जण गाळतात. नट कसताना स्क्रू थोडा फिरतो आणि मेहनतीने लावलेला गॅप हलतो.

पुशरॉड वाकतो तो बहुतेक वेळा स्वतःच्या दोषाने नाही. काजळी धरून व्हॉल्व्ह गाइडमध्ये अडकला की खालून कॅम रेटतच राहतो, वरून व्हॉल्व्ह हलत नाही, आणि मधला लांब, बारीक रॉड बाक घेतो. शंका असेल तर रॉड काचेवर किंवा सरफेस प्लेटवर ठेवून घरंगळवायचा. वाकलेला असेल तर खाली फिरणारी फट दिसते. ठोकून सरळ करू नये, बदलावा. पण अडकलेला व्हॉल्व्ह मोकळा न करता नुसता रॉड बदलला तर नवाही वाकणार.

त्याच गल्लीत आणखी दोन शब्द ऐकू येतात, पुश फिट आणि प्रेस फिट. शाफ्ट भोकात हाताने रेटून बसला तर पुश फिट, प्रेसखाली घालावा लागला तर प्रेस फिट. हाताच्या आणि प्रेसच्या मधलं अंतर किती बारीक आहे ते २५ मिमी व्यासावर बघा. भोक एच७ मापाचं (माप किती इकडेतिकडे चालेल याची ठरलेली खूण, भोकाला मोठं अक्षर आणि शाफ्टला लहान) असेल तर ते २५.०००पासून २५.०२१ मिमीपर्यंत चालतं. शाफ्ट लहान अक्षरातला एच६ असेल तर २४.९८७ ते २५.०००, म्हणजे तो भोकापेक्षा कधीच मोठा नसतो आणि तेल लावून हाताने जातो. शाफ्ट पी६ केला तर २५.०२२ ते २५.०३५, म्हणजे भोकापेक्षा नेहमीच मोठा, कमीत कमी १ मायक्रॉनने (मिलिमीटरच्या हजाराव्या भागाने) आणि जास्तीत जास्त ३५ने. तो हाताने ढकलून बसणार नाही. हातोड्याने ठोकला तर तिरका होऊन भोक खरवडणार. मायक्रॉनचा हा हिशेब मराठीत एका वाक्यात मावतो: सारला तर गेला पाहिजे, की रेटल्याशिवाय जाता कामा नये?

धक्का स्टार्टचंही इथेच सांगतो, कारण तिथे दोन इंग्रजी शब्दांची गल्लत रोज होते. पुश स्टार्ट म्हणजे गाडी ढकलून इंजिन फिरवणं. जम्प स्टार्ट म्हणजे दुसऱ्या बॅटरीची वायर जोडणं. ढकलायचं असेल तर चावी ऑन, गाडी दुसऱ्या गिअरमध्ये, क्लच दाबलेला. धावत्या माणसाचा वेग आला की क्लच पटकन सोडायचा आणि इंजिन पकडलं की लगेच परत दाबायचा. पहिला गिअर घेतला तर इंजिनाचा अडसर फार येतो, चाक घासतं किंवा गाडी आचका देऊन थांबते. गिअर नसलेल्या स्कूटरचा बेल्टवाला क्लच इंजिन फिरल्याशिवाय पकडतच नाही, म्हणून ती कितीही ढकलली तरी इंजिन चालू होणार नाही. फ्युएल इंजेक्शनच्या गाडीत पंप आणि कंट्रोल युनिटला थोडी वीज लागते. बॅटरी पार मेली असेल तर चार माणसांचा धक्काही फुकट. ऑटोमॅटिक कारला ढकलून सुरू करायच्या भानगडीत पडू नये.

तालीम आणि मैदान

पुश-अपला मराठी शब्द शोधत बसायची गरज नाही, तालमीत तो आहेच: जोर. जोर-बैठका. ब्रिटिश लोक त्याला प्रेस-अप म्हणतात, अमेरिकन पुश-अप. पण तालमीतला जोर आणि जिममधला पुश-अप हुबेहूब एक नाहीत. पुश-अपमध्ये टाचेपासून डोक्यापर्यंत अंग फळीसारखं ताठ, हालचाल कोपर आणि खांद्यात. जोरात कंबर आधी वर जाते, मग छाती जमिनीलगत दोन हातांच्या मधून पुढे घासत जाते आणि मान वर निघते. त्यात खांदे, पाठ, कंबर सगळं मोकळं होतं. भाषांतरात ‘पन्नास पुश-अप’चे ‘पन्नास जोर’ केले तर वाचणारा पैलवान वेगळाच व्यायाम करेल.

प्रसूतीच्या खोलीतही डॉक्टर ‘पुश, पुश’ म्हणतात आणि शेजारची बाई त्याचं ‘जोर कर’ असं करते. ढकल म्हणत नाही. बरोबरच आहे, तिथे ढकलायला हात नाही, फक्त आतला जोर आहे.

कुस्तीत रेटा हा डावाचा कच्चा माल. खडाखडीत दोघं माथ्याला माथा लावून एकमेकांना रेटतात, ते ताकद दाखवायला नव्हे. समोरच्याचं वजन पुढच्या पायावर कधी येतं ते जोखायचं असतं. त्याने जोरात रेटलं की त्याचा तोल पुढे आलाच, आणि रेटणाऱ्याला उलटं रेटण्यापेक्षा त्याच दिशेने ओढून घेणं सोपं. खासबागेत जाणकार प्रेक्षक शांत बसतात ते याच क्षणासाठी.

फुटबॉल म्हणजे या गावाचं दुसरं वेड. शाहू स्टेडियमवर पुशची आरोळी दर सामन्यात उठते. नियम असा: बेफिकीरपणे प्रतिस्पर्ध्याला ढकललं तर डायरेक्ट फ्री किक, आपल्याच पेनल्टी एरियात ढकललं तर पेनल्टी. पण चेंडूसाठी खांद्याला खांदा भिडवणं हा पुश नव्हे, त्याला चार्ज म्हणतात आणि तो बेफिकीर, बेदरकार किंवा वाजवीपेक्षा जास्त जोराचा नसेल तर चालतो. फरक हाताचा आहे. हात उघडून पाठीवर गेला की रेफरीला ते लांबूनही दिसतं. गॅलरीतून दोन्हींना सारखीच बोंब पडते, तो भाग वेगळा. आणि ‘पुश पास’ म्हणजे पायाच्या आतल्या सपाट बाजूने दिलेला जवळचा पास. तिथे चेंडू ठोकत नाहीत, सारतात.

ऑफिस आणि मोबाईल

‘मीटिंग पुश केली’ हे वाक्य ऑफिसात सगळ्यात जास्त घोटाळे करतं. ‘पुश बॅक’ म्हणजे उशिरा, नंतरच्या तारखेला. शब्दात ‘बॅक’ आहे म्हणून मराठी डोकं ते मागे, म्हणजे आधी, असं वाचतं. आपण नेमकं उलटं बोलतो, तारीख पुढे ढकलतो. आधी घ्यायची असेल तर इंग्रजीत ‘ब्रिंग फॉरवर्ड’, आणि त्याचं ‘पुढे आणली’ असं भाषांतर केलं की गोंधळ पक्का. मराठीत ‘अलीकडे आणली’ म्हणावं. भारतीय इंग्रजीतला ‘प्रीपोन’ म्हणूनच टिकून आहे, तो निदान चुकत नाही. मेलमध्ये मात्र क्रियापदाच्या नादी न लागता तारीखच लिहावी. आणि ‘क्लायंटने पुशबॅक दिला’ यात तारखेचा संबंधच नाही, त्याने विरोध केला.

पुढची शेपटं भराभर. ‘पुश फॉर’ म्हणजे आग्रह धरणे. ‘पुश ऑन’ म्हणजे नेटाने पुढे जाणे. ‘पुश इन’ ब्रिटिशांकडे रांगेत घुसणे. ‘पुश अराउंड’ म्हणजे दमदाटी. ‘पुश ऑफ’ म्हणजे चालता हो. ‘पुशी’ माणूस म्हणजे पुढे पुढे करणारा. ‘पुशओव्हर’ म्हणजे ज्याला कुणीही सहज गुंडाळावं असा. ‘पुशिंग द एन्व्हलप’मधलं पाकीट टपालाचं नाही. विमान किती वेगाने, किती उंचीवर सुरक्षित उडेल याच्या आलेखावरची मर्यादेची रेषा म्हणजे एन्व्हलप, आणि चाचणी वैमानिक ती रेषा पुढे सरकवायचे. त्याचं ‘लिफाफा ढकलणे’ करू नये.

मोबाईलमधला पुश शब्दशः समजून घेतला तर उपयोगी पडतो. पुल पद्धतीत फोन सर्व्हरला ठरावीक वेळाने विचारतो, काही नवीन आलं का? पुश पद्धतीत सर्व्हर स्वतःहून पाठवतो, फोनने विचारायची वाट बघत नाही. ईमेल ‘फेच’वर ठेवला की मेल उशिरा दिसतो त्याचं कारण हे. प्रत्येक ॲप दर मिनिटाला विचारत बसलं तर बॅटरी संपेल, म्हणून फोनची सिस्टीम सर्वांसाठी मिळून एकच जोडणी उघडी ठेवते आणि त्यातून सगळ्यांचे पुश येतात. बॅटरी वाचवायच्या सेटिंगमध्ये एखादं ॲप फार आवळलं की त्याचे निरोप उशिरा, एकदम ढिगाने येतात. बँकेचा ओटीपी मेसेज म्हणून येत असेल तर त्याला हे लागू नाही, तो वेगळ्या वाटेने येतो. प्रोग्रामरचा ‘पुश’ म्हणजे आपल्या संगणकावरचं काम सामायिक साठ्यात चढवणं, आणि स्टॅकमधला ‘पुश’ म्हणजे ढिगावर आणखी एक ठेवणं. ताटं एकावर एक रचायची आणि काढताना वरचंच आधी काढायचं. तिथे ढकलणं नावालाही नाही.

काही ठिकाणी तर दोन भाषा उलट दिशांना जोर लावतात. वेळ कमी पडला की इंग्रज ‘पुश्ड फॉर टाइम’ असतो, म्हणजे मागून कुणी ढकलतंय. आपली मात्र ओढाताण होते, दोन्हीकडून कुणीतरी ओढतंय. पैशाची तंगी असेल तर तो ‘हार्ड प्रेस्ड’, आपण ओढग्रस्त. आणि वयाचं बघा. इंग्रजीत माणूस चाळिशीला ‘पुश’ करतो, जणू दार उघडत नाहीये. आपल्याकडे तो चाळिशीला टेकतो, नाहीतर चाळिशीकडे झुकतो.